चालायला लागलं की लय फाटते. सराव नेमका कसा घ्यायचा?

वेण्णाकाठ (सातारा)

नमस्कार मंडळी. आमच्या पथकात २४ ढोल, ६ ताशे, ४ झांजा आणि एक टोल (हातोड्याने वाजवायची धातूची जाड थाळी) आहे. सराव मी घेते. गोलात उभं राहून वाजवतो तेव्हा सगळे 'हात' (वादनाच्या ठरलेल्या चाली) स्वच्छ बसतात. मिरवणुकीच्या रचनेत चालायला लागलो की दोन-तीन मिनिटांत मागच्या दोन रांगा सुटतात. पुढचे म्हणतात मागचे ओढतायत, मागचे म्हणतात ताशे पळतायत. ठोके मोजून बघितले. सुरुवात मिनिटाला ११२, पाच मिनिटांनी १२१. एका हातावरून दुसऱ्या हातावर जाताना तर दोन-तीन ठोके नुसता गलका असतो.

रचना अशी आहे : पुढे ध्वज, मग ताशे एका ओळीत, त्यांच्या मागे चार-चार ढोलांच्या सहा रांगा, दोन रांगांत अडीच मीटर अंतर. झांजा कडेला. टोल सगळ्यात मागे.

आठवड्यातून चार दिवस दीड-दीड तास मिळतात. पावसामुळे बहुतेक वेळ पत्र्याच्या शेडमध्येच. बारा ढोलांना चामड्याची पानं (वाजवायचे पडदे) आहेत, बारांना फायबरची. गणपतीला तीन आठवडे उरलेत. मेट्रोनोम (ठरलेल्या लयीत टिकटिक देणारं साधन) मोठ्या स्पीकरवर लावून सगळ्यांना त्यावर वाजवायला लावलं तर भागेल का? की चुकतंय दुसरीकडेच? 'रोज वाजवत राहा, बसेल आपोआप' हे सोडून काहीही सांगा.

कदमताल

ताई, निम्मं उत्तर तुमच्या रचनेतच आहे. हात सुधारण्याआधी माणसांच्या जागा बदला.

आवाज हवेतून सेकंदाला साधारण ३४५ मीटर जातो. दर १० मीटरला २९ मिलिसेकंद. तुमची शेवटची रांग ताशांपासून १५ मीटरवर आहे, म्हणजे ताशाचा ठोका तिच्यापर्यंत पोचायला ४३ मिलिसेकंद लागतात. तिथला वादक कान देऊन, अगदी प्रामाणिकपणे ताशाबरोबर वाजवतो आणि बरोबर तेवढाच उशिरा वाजतो. त्याच्या ढोलाचा आवाज उलटा ताशेवाल्याच्या कानावर येईपर्यंत आणखी ४३ गेलेले असतात. मिनिटाला ११२ च्या लयीत एक ठोका ५३६ मिलिसेकंदांचा, त्याचे चार भाग केले तर एक भाग १३४ चा. म्हणजे ताशेवाल्याला मागची रांग त्या पाव ठोक्याच्या जवळजवळ दोन तृतीयांश मागे ऐकू येते, आणि यात चूक कुणाचीच नाही. तुमचे पुढचे आणि मागचे दोघंही खरं बोलतायत.

आता ताशेवाला काय करतो? एक तर मागच्यांसाठी थांबतो, मग लय पडते. नाही तर त्यांना ओढून आणायला जोर लावतो, मग लय चढते. ११२ चे १२१ होतायत म्हणजे तुमच्याकडे दुसरं चाललंय. त्यात टोल शेवटी. पुढे ताशा एक घड्याळ, मागे टोल दुसरं घड्याळ, आणि मधल्या रांगा कुणाचं ऐकायचं या विवंचनेत. गोलात उभे असता तेव्हा ताशे मध्ये असतात, सगळ्यांचं अंतर चार-पाच मीटर. म्हणून तिथे जुळतं.

करायचं एवढंच : तीन रांगा पुढे, मग ताशे आणि ताशांना लागून टोल, मग तीन रांगा मागे. सगळ्यात लांबचा वादक आता साडेसात मीटरवर येतो, उशीर २२ मिलिसेकंदांवर. तेवढा साधारण कानाला खुपत नाही. ताशांच्या पुढच्या तीन रांगा कानाने वाजवतील, आवाज पाठीमागून येतोय, त्याच्यावर बसायचं. मागच्या तीन रांगा डोळ्याने वाजवतील. टोलचा हातोडा टोलला लागताना दिसतो त्या क्षणाला टिपरू (ढोलाची काठी) पडलं पाहिजे. उजेडाला उशीर होत नाही, आवाजाला होतो.

स्पीकरचं विचारलंत. लावा, पण समोर लावू नका. समोर लावला की पुन्हा तोच घोळ, पहिल्या रांगेला लवकर आणि शेवटच्या रांगेला उशिरा. अमेरिकेतल्या ड्रम कोअरमध्ये, म्हणजे चालत वाजवणाऱ्या पथकांमध्ये, सरावाला मेट्रोनोम वादकांच्या पाठीमागे ठेवतात. मागून निघालेला आवाज रांगेरांगेला लागत पुढे जातो, प्रत्येकजण तो जसा पोचेल तसा वाजवतो आणि सगळ्यांचे ठोके समोर बसलेल्या प्रेक्षकापर्यंत एकत्र पोचतात. मैदानावर प्रेक्षक एकाच बाजूला असतो म्हणून ते जमतं. आपली मिरवणूक माणसं दोन्ही अंगांनी बघतात, म्हणून आपल्याला मध्यच बरा. स्पीकर ताशांजवळ, जमिनीपासून डोक्याइतक्या उंचीवर. आणि एकच. ब्लूटूथचे दोन वेगवेगळे स्पीकर जोडलेत तर दोघांचे ठोके एकत्र येतीलच असं नाही, मग मेट्रोनोमच दुहेरी वाजतो.

आणि हो, शेडचा पत्रा. समोरची भिंत ४३ मीटरवर असेल तर आवाज जाऊन यायला पाव सेकंद लागतो. १२० च्या लयीत तो प्रतिध्वनी नेमका अर्ध्या ठोक्यावर येऊन पडतो आणि नवा वादक त्याच्यावरच चढतो. शेड लहान असेल तर वेगळा प्रतिध्वनी ऐकू येत नाही, सगळं एकमेकांत मिसळून राहतं आणि कोण चुकलं ते कळत नाही. पूर्ण ताकदीचं वादन शेडमध्ये घेऊच नका. आत एकेक रांग घ्या.

मिरजेचा ताशा

रचनेचं वर आलंय ते शंभर टक्के बरोबर. मी हातांचं सांगतो, कारण रचना सुधारली की हातांचे दोष उघडे पडतात.

पहिला सराव सगळ्यांना एकच : एका हातावर आठ. टिपरूने सलग आठ, मग थापीने (ढोलाच्या दुसऱ्या बाजूला मोकळ्या हाताने) आठ. ताशेवाले उजव्या काडीने आठ, डाव्या काडीने आठ. ८० पासून सुरुवात. बघायचं काय? ठोके नाही, उंची बघा. आठही ठोके एकाच उंचीवरून पडतात का? हलका ठोका पानापासून चार बोटांवरून, जोराचा ठोका दीड वितीवरून. ही दोन मापं सगळ्या पथकाला एकच ठरवून द्या. बहुतेकांचा जोराचा ठोका उशिरा पडतो, कारण टिपरू जास्त उंच जातं, पण उचलायला सुरुवात नेहमीच्याच वेळी झालेली असते. लांबचा प्रवास, तोच वेळ. जोराच्या ठोक्याआधीचा ठोका मारला की त्याच उसळीत टिपरू वर जायला हवं. ठोका मारून टिपरू पानावर दाबून ठेवणाऱ्याला हे कधीच जमणार नाही. त्याची मूठ सैल करा. अंगठा आणि पहिलं बोट धरतं, बाकीची तीन बोटं नुसती साथ देतात.

दुसरा, माझ्या मते सगळ्यात महत्त्वाचा : जागा सोडण्याचा सराव. तोंडाने सलग 'ति-र-कि-ट' म्हणायचं, मेट्रोनोमच्या ठोक्यावर 'ति'. उजवा-डावा-उजवा-डावा असे हात ठरलेले. पहिलं आवर्तन चारही अक्षरं वाजवा. दुसऱ्यात 'ट' वाजवू नका, तिसऱ्यात 'कि', चौथ्यात 'र', पाचव्यात 'ति'. तोंड मात्र चारही म्हणत राहणार. आणि गाळलेल्या अक्षराचा हात थांबतो, त्याची जागा दुसऱ्या हाताने घ्यायची नाही. 'ति र ऽ ट' मध्ये 'ट' डाव्याच हातावर येतो.

करून बघा, काय होतं ते लगेच दिसेल. 'कि' गाळला की 'ट' लवकर येतो. मोकळी जागा हाताला सहन होत नाही, तो पुढे सरकतो. तुमचे ११२ चे १२१ होण्याचं दुसरं कारण हेच आहे. कुणी ठोके जलद मारत नसतं, ठोक्यांमधली शांतता आखूड होत जाते. पहिलं अक्षर गाळलेलं आवर्तन सगळ्यात अवघड, त्यात 'र' वाजवायला आधार फक्त तोंडाचा. ढोलांना हे ७२ ला द्या, ताशांना ८० ला. सलग तीन वेळा स्वच्छ आलं तर ४ ने वाढवा. एकदा जरी फाटलं तर ८ ने खाली. ९६ ला अडकलात तर आठवडाभर ९६ लाच राहा, त्याचं वाईट वाटून घेऊ नका.

तीनाच्या चालीसाठी हेच 'त-कि-ट' वर. त्यात एक गंमत आहे, सम (पहिला ठोका) दर वेळी दुसऱ्या हातावर येते. डावा हात कच्चा असेल तर दर दुसरा ठोका पडका ऐकू येईल.

तर्रीबद्दल (ताशावरची सलग जलद काड्यांची लड) दोन शब्द. तर्री म्हणजे जमेल तितकं जलद, ही समजूत काढून टाका. ११२ ला ठोक्यात आठ काड्या म्हणजे सेकंदाला जवळजवळ पंधरा. सहा ताशेवाल्यांपैकी एकजण आठ, दुसरा सात, तिसरा जमेल तेवढ्या मारतो तेव्हा तर्री लांबून नुसती खरखर वाटते. आधी ७६ ला, एका हातावर दोन-दोन, मोजून आठ. दुसरी काडी पहिलीइतकीच वाजली पाहिजे, नाही तर तर्री लंगडते. आणि तर्री कुठे संपते ते ठरवा. समेवर जो ठोका पडतो तो कुठल्या हाताचा, हे सहाही जणांचं एकच हवं.

पान-टिपरू (कराड)

हात आणि रचना दोन्ही ठीक केली तरी वाद्यं सारखी नसतील तर ठोके वेगळेच ऐकू येतील. चामड्याचं पान पावसाळी हवेत उतरतं. उतरलेल्या पानावर टिपरूची उसळी मंद होते, पुढचा ठोका मागे राहतो आणि आवाजाची धारही बोथट होते. फायबरचं पान दमट हवेत जवळपास तसंच राहतं. एकाच रांगेत दोन चामड्याचे आणि दोन फायबरचे ढोल असतील तर चौघांनी एकाच क्षणी मारलं तरी 'ध्धूम' असं फाटकं ऐकू येतं, आणि बोलणी वादकाला बसतात.

चामड्याचे बाराही ढोल ताशांच्या लगेच पुढच्या आणि मागच्या रांगांत आणा, म्हणजे चार पुढे, चार मागे. उरलेले चार त्याच्या पुढच्या रांगेत. फायबर लांबच्या रांगांना. त्यांची धार स्वच्छ पोचते.

ताणताना एकाच बाजूने फिरत जाऊ नका. नट-बोल्टचा ढोल असेल तर एक नट अर्धा फेरा, मग त्याच्या बरोबर समोरचा अर्धा फेरा. दोरीचा असेल तर कड्या समोरासमोर सारख्या सरकवा. मग कडेपासून चार बोटं आत, प्रत्येक नटापाशी बोटाने हलकं वाजवून बघा. सगळीकडे एकच स्वर हवा. जिथे खाली ऐकू येतो तिथे पान ढिलं आहे. एक ढोल नमुना म्हणून धरा आणि बाकीचे त्याच्या स्वराला आणा. सगळे अगदी एका स्वरात येणार नाहीत, पण जवळ आले तरी फरक कळतो. चामड्याची पानं वाजवण्याआधी अर्धा तास कोरड्या, उबदार जागी ठेवा. जाळाजवळ नेऊ नका, पान कडेला चिरतं.

ताणायचं ते दोन्ही बाजूंचं. थापीची बाजू लोक विसरतात.

आणखी एक. ढोल कमरेला बांधल्यावर मूठ घालून बघा. ढोल आणि पोट यांत मूठ सहज फिरत असेल तर चालताना ढोल झुलणार. झुलताना पान टिपरूपासून दोन-तीन इंच लांब-जवळ होतं, म्हणजे ठोका कधी लवकर, कधी उशिरा. वादकाचा हात तेव्हा अगदी घड्याळासारखा चालत असतो. पट्टा आवळा, आणि खांद्यावरून एक आधार घ्या.

वेण्णाकाठ (सातारा)

सगळ्यांचे मनापासून आभार. रचना बदलून काल पहिल्यांदा वाजवलं, मागच्या रांगांचा फरक लगेच कळला. टोल मध्ये आणल्यावर ताशेवाल्यांनी पळणंही कमी केलं. पण दोन अडचणी आहेत. मागच्या रांगेतल्यांना स्वतःच्या ढोलामुळे खालचं काही दिसत नाही आणि पुढच्या वादकांमुळे टोलही पूर्ण दिसत नाही. दुसरं, साताऱ्यात सपाट रस्ता कुठे आहे? अजिंक्यताऱ्याच्या पायथ्याचं गाव, राजपथ घ्या की खालचा रस्ता घ्या, चढ-उतार आहेच. उतारावर लय हमखास चढते. त्यावर काही सराव आहे का?

उताराचा टोल (सांगली)

ताई, टोल वर घ्या. दोघं बांबूला टांगून धरत असतील तर खांद्यावर घ्यायला सांगा, आणि हातोड्याच्या डोक्याला केशरी फडकं बांधा. तरीही शेवटच्या रांगेला दिसला नाही तर पुढच्या वादकाचा उजवा खांदा बघायचा. टिपरू उचलताना खांदा आधी हलतो. ही साखळी कानापेक्षा केव्हाही जलद.

याचा सरावही आहे. मागच्या तीन रांगांच्या कानात फोमचे बोळे घाला, आणि सोळा आवर्तनं फक्त बघून वाजवायला लावा. पहिल्या दिवशी माणसं घाबरतात, तिसऱ्या दिवशी जमतं. बोळे तसेही रोज वापरायला हवेत. ताशा कानापासून हातभर अंतरावर वाजतो, दीड तासानंतर कान बधिर झालेला वादक बारकावे ऐकणार कशाने?

आता पाय. पायाचा सराव ढोल उतरवून सुरू करा. वादन नाही, बोल नाही, फक्त जागेवर कदमताल, ठोक्याला एक पाऊल, सम नेहमी डाव्या पायावर. सोळा ठोके जागेवर, सोळा पुढे चालून, सोळा पुन्हा जागेवर. बघायचं हे की जागेवरून चालायला लागताना आणि थांबताना पावलांचा आवाज एकच येतो का. लय तिथेच फाटते, मधल्या चालीत नाही. ते बसलं की तोंडाने बोल. मग मांडीवर हाताने. मग ढोल. प्रत्येक पायरीला दहा मिनिटं, पायरी गाळायची नाही. पाय स्वच्छ नसताना ढोल चढवला तर पाय चुकले की हात चुकले ते कुणालाच सांगता येत नाही.

पाऊल केवढं? परेडचं पाऊल ३० इंचांचं असतं, मिनिटाला १२०. आपल्याला ते शक्य नाही, ढोल पोटावर आहे. दीड फूट पुरे. शेडच्या फरशीवर दीड-दीड फुटांवर खडूने रेघा मारा आणि टाच रेघेवर पडायला लावा. उतारावर लय चढते ती याच कारणाने. उतारावर शरीर पुढे जातं, पाऊल आपोआप लांब पडतं, ते सावरायला पुढचं पाऊल लवकर टाकावं लागतं आणि हात पायाच्या मागे धावतात. म्हणून उतारावर पाऊल मुद्दाम आखूड करायचं, एक फुटावर आणायचं आणि वजन टाचेवर ठेवायचं. चढावर उलट, पाऊल तेवढंच राहू दे, पण गुडघा कमी उचला, नाही तर पाय उशिरा टेकतो. सरावाला खरा उतारच घ्या. शंभर पावलांचा एखादा शांत रस्ता बघा आणि ढोलाशिवाय, बोल म्हणत, मेट्रोनोम खिशात ठेवून खाली-वर दहा फेऱ्या मारा. ध्वजवाल्यांनाही बरोबर घ्या. ध्वज पुढे पळाला की मागची रांग अंतर भरून काढायला पावलं लांब टाकते.

मुका मेट्रोनोम हा एक सराव वर कुणी लिहिला नाही. फोनवरच्या बऱ्याच मेट्रोनोमना काही आवर्तनं वाजून काही आवर्तनं गप्प राहायची सोय असते. चार वाजणार, चार गप्प. गप्प असताना वादन चालू ठेवायचं. पुन्हा ठोका आला तो तुमच्या ठोक्यानंतर आला तर तुम्ही पळालात, आधी आला तर रेंगाळलात. मग दोन वाजणार, सहा गप्प. हे जमल्याशिवाय मिरवणुकीत मेट्रोनोम नसतो तेव्हा पथक स्वतःच्या पायावर उभं राहत नाही. सतत मेट्रोनोमवर वाजवणाऱ्या पथकाला त्याची सवय लागते आणि लय त्याच्या भरवशावर सोडली जाते.

पट्टी आणि घड्याळ

मोजण्याची पद्धत नीट ठरवा, नाही तर सुधारतंय की नाही हेच कळणार नाही. तीन फोन घ्या, एक पहिल्या रांगेत, एक ताशांपाशी, एक शेवटच्या रांगेत, तिन्ही रेकॉर्डिंगला. सुरुवातीला तिन्ही फोन एकत्र धरून एक टाळी वाजवा आणि मग जागेवर न्या. नंतर संगणकावर ऑडॅसिटी या आवाज संपादनाच्या प्रोग्रॅममध्ये तिन्ही पट्ट्या एकाखाली एक लावून टाळीचा टोकदार उंचवटा जुळवला की तिन्ही एका वेळेवर येतात. शेवटच्या रांगेचा ठोका ताशाच्या किती मागे आहे ते डोळ्यांना दिसतं. वादकांना ते चित्र दाखवा, भांडणं तिथेच थांबतात. एवढं लक्षात ठेवा की शेवटच्या रांगेतल्या फोनवर ताशाचा आवाजही २२ मिलिसेकंद उशिराच उमटतो. म्हणून ताशाचा ठोका ताशांपाशी ठेवलेल्या फोनवरच मोजा आणि शेवटच्या रांगेचा तिच्याजवळच्या फोनवर.

लय मोजायला सोळा ठोक्यांना लागलेला वेळ बघा. १२० ला सोळा ठोके ८ सेकंदांचे, ११२ ला ८.५७. पाच मिनिटांच्या वादनात पहिल्या मिनिटात एकदा, शेवटच्या मिनिटात एकदा. ७.९ आले तर लय १२१ च्या पुढे गेली. इथे एक चूक फार होते. पहिल्या ठोक्याला 'एक' म्हणून घड्याळ सुरू करतात आणि 'सोळा'ला बंद करतात. ते पंधराच ठोक्यांचं अंतर झालं, आणि लय सातेक ठोक्यांनी जास्त निघते. पहिल्या ठोक्याला 'शून्य' म्हणा. तुमचा १२१ चा आकडा असा आला असेल तर तो खरा ११३-११४ आहे, तेव्हा आधी हे तपासा.

वेण्णाकाठ (सातारा)

तपासलं. सुरुवातीचा आकडा मेट्रोनोमवरचा होता, शेवटचा मी मिनिटभर ठोके मोजून काढला होता आणि पहिल्या ठोक्याला एक म्हटलं होतं. म्हणजे खरा १२० धरायचा. चढतेय हे नक्की, पण वाटलं होतं त्याहून थोडी कमी. धन्यवाद.

आता फक्त 'हात' बदलतानाचं राहिलं. पहिल्या हातावरून दुसऱ्यावर जाताना जो गलका होतो, त्यावर काय करायचं?

मिरजेचा ताशा

तो सराव वेगळाच घ्यायचा. सगळे 'हात' पहिल्यापासून शेवटपर्यंत वाजवलेत तर वीस मिनिटांत ती जोड एकदाच येते. जोडच उचला. पहिल्या हाताचं शेवटचं आवर्तन आणि दुसऱ्या हाताचं पहिलं आवर्तन, एवढी दोनच आवर्तनं, मग चार ठोके गप्प, पुन्हा तीच. असं वीस वेळा. ८४ ला सुरू करा.

गलका बहुतेक इशाऱ्यामुळे होतो. इशारा एकाच माणसाचा हवा आणि तो बदलाच्या आठ ठोके आधी हवा. हात वर जातो तो समेवर, चार ठोके वर राहतो, मग चार बोटं एकेक मिटत जातात, आणि मूठ पूर्ण झाली की पुढच्या समेवर नवा 'हात'. ऐन वेळी तोंडाने ओरडून सांगितलेला बदल पहिल्या रांगेला कळतो, तिसऱ्या रांगेला तो नुसता आरडाओरडा वाटतो. इशारा करणारा ताशांमध्ये उभा असेल तर पुढच्या तीन रांगांची त्याच्याकडे पाठ असते, म्हणून पुढे ध्वजापाशी दुसऱ्याने तोच इशारा बघून तसाच करायचा.

आणि बदलाच्या आवर्तनात थापीकडे लक्ष द्या. नव्या 'हाता'चा पहिला ठोका टिपरूचा असेल तर जुन्या 'हाता'ची शेवटची थाप बरेच जण गाळतात, टिपरू उचलायच्या घाईत. ती थाप गेली की मधली जागा रिकामी होते आणि टिपरू अर्धा ठोका आधी पडतं. दोन दिवस जोडीच्या सरावात फक्त थाप वाजवायला लावा, टिपरू खाली ठेवून. पावसाचे दिवस त्यालाच द्या, शेडमध्ये मांडीवर घेतलात तरी चालतो.